‘बेटर’ शिकवताना

माझ्या वर्गात ‘बेटर’ हा शब्द तिसऱ्या आठवड्यात येतो. तोवर लोकांना आपलं नाव, गाव, काम इंग्रजीतून सांगता येऊ लागलेलं असतं आणि मला कंटाळा आलेला असतो. एका जागी बसून शिकवणं मला कधी जमलंच नाही. मनीषनगरमधल्या आमच्या घराच्या पुढच्या खोलीत सात प्लास्टिकच्या खुर्च्या, एक पांढरा फळा आणि एक कूलर आहे. कूलर सुरू असला की उच्चार ऐकू येत नाहीत आणि बंद केला की माणसं घामाघूम होतात. म्हणून मी दर पाच मिनिटांनी तो सुरू-बंद करत खुर्च्यांमधून फिरत असते. “बस न वं एका जागी,” असं नवरा आतून ओरडतो. मी बसत नाही.

‘बेटर’ आला की मात्र मला तरतरी येते. हा शब्द मला आवडतो, कारण तो सरळ वागत नाही. ‘टॉल’ला मागे एक शेपूट लावलं की ‘टॉलर’ होतो, भागलं. ‘गुड’ शेपूट लावून घेत नाही. तो कपडेच बदलून येतो. मराठीत आपण दोन माणसं शेजारी उभी करतो, मध्ये ‘पेक्षा’ ठेवतो, आणि चांगलं ते चांगलंच राहतं, त्याला हात लावत नाही. इंग्रजीत तुलना त्या शब्दाच्या पोटातच असते. तापातून उठलेला माणूस ‘आय ॲम बेटर टुडे’ म्हणतो तेव्हा कालचा तो स्वतःच त्याच्या बाजूला उभा असतो. ‘यू हॅड बेटर गो’ वरून सल्ला दिसतो, पण त्यात थोडा दम दिलेला असतो, आणि ‘हॅड’ असूनही झाल्या-गेल्या काळाशी त्याचा काडीचा संबंध नसतो. ‘द सूनर द बेटर’मध्ये दोन तुलना एकमेकींच्या मागे धावत असतात. शिवाय हाच शब्द क्रियापदही होतो, म्हणजे माणूस स्वतःला ‘बेटर’ करू शकतो. हे सगळं मी एका दमात सांगते आणि वर्ग आपला माझ्याकडे बघत राहतो.

खरं सांगायचं तर तुलना माझ्या अंगातच आहे. आम्ही दोघी बहिणी. आई घरी येईल त्याला आमच्या वह्या दाखवायची. मोठीचं अक्षर पाहा अन् हिचं पाहा, असं म्हणायची आणि येणारा बिचारा दोन्ही वह्या हातात धरून अवघडून बसायचा. मोठी आता रामदासपेठेत, श्रीमंत वस्तीत राहते. तिच्याकडे गेले की पडद्यांपासून चहाच्या कपांपर्यंत सगळ्यावर माझी नजर फिरते, आणि घरी परतल्यावर आमचेच कप मला खुपायला लागतात. हे मला आवडत नाही. पण माझं डोकं थांबतही नाही.

शिकवण्याची माझी एक पद्धत आहे आणि तिचा मला फार अभिमान होता. पुस्तकातली उंच-बुटकी दोन मुलं मला चालत नाहीत. उदाहरण ज्याचं त्याच्या आयुष्यातलं हवं, त्याच्या कामातलं, त्याच्या घरातलं. स्वतःचं वाक्य माणूस विसरत नाही, हे मी येणाऱ्या प्रत्येकाला पहिल्याच दिवशी ऐकवत असे. ‘असे’ म्हणते आहे, कारण गेल्या उन्हाळ्यात जे झालं त्यानंतर मी ते म्हणणं बंद केलं.

त्या उन्हाळ्यात वर्गात एक बाई आली. वय चाळिशीच्या आतबाहेर. बुटीबोरीला एका कापड कंपनीत ती कापड तपासायच्या टेबलावर होती. कंपनीची बस तिला चौकात सोडायची आणि तिथून ती थेट वर्गात यायची, केसांत कापसाची बारीक पिसं घेऊन. घरी ती आणि तिची मुलगी, दोघीच. मुलगी दहावीत होती. कंपनीत सुपरवायझरची एक जागा निघाली होती आणि त्या जागेला कायम सकाळची पाळी होती. मिळाली असती तर ही रोज संध्याकाळी घरी असती. नाहीतर दर आठवड्याला पाळी बदलायची आणि दुपारच्या पाळीच्या आठवड्यात पोर घरी एकटी राहायची. मुलाखत घ्यायला मुंबईहून माणसं येणार होती आणि ती इंग्रजीतून होणार होती. त्यासाठी महिनाभर सकाळची पाळी मागून घेऊन तिला माझ्याकडे यायचं होतं.

बाई हुशार होती. शब्द पटकन उचलायची, चुकली की स्वतःच हसायची. फक्त ‘बेटर’पाशी अडली. मी फळ्यावर वाक्याचा सांगाडा लिहिला, वर्गातल्या दोन मुलींच्या ओढण्या मागून घेतल्या आणि तिच्यापुढे धरल्या. विच वन इज बेटर?

तिनं दोन्ही ओढण्या हातात घेतल्या, बोटांनी चाचपल्या, उजेडाकडे धरल्या. मग म्हणाली, “म्याडम, स्टँडर्ड कुठी आहे?”

“कायचं स्टँडर्ड?”

तेव्हा तिनं समजावून सांगितलं. तिच्या टेबलाच्या वर, डोळ्यांसमोर, मंजूर झालेला कापडाचा तुकडा टांगलेला असतो. त्याला सगळे स्टँडर्ड म्हणतात. खालून उजेड असलेल्या काचेवरून कापडाचा ताका सरकत जातो आणि ही दर वेळी त्या तुकड्याकडे बघून ठरवते. “आमच्याकडे नवीन पोरी काय करतात, आधीच्या ताक्याले पाहून पुढचा पास करतात. पयला जरासा फिका, दुसरा त्याच्याहून जरासा फिका. संध्याकाळपर्यंत निळ्याचं आस्मानी होऊन जाते अन् कोणाले पत्ता नाही. ताक्याले ताका लावून पाहाचंच नाही, हे मले पयल्या दिवशी शिकवलं.”

वर्गातल्या सगळ्यांनी माना डोलावल्या. मला ते आवडायला हवं होतं. पण माझा तास चालला होता, कूलर बंद होता, आणि माझ्या लाडक्या शब्दाला कोणीतरी दारातूनच परत पाठवतंय असं मला वाटलं. डोक्यात तिडीक गेली.

“इंटरव्ह्यूत स्टँडर्ड-बिंडर्ड कोणी टांगून नाही ठेवत वं,” मी म्हणाले. “तिथे तूच माल. दोन बाया उभ्या राहतील अन् एकीले घेतील. तुले सांगावंच लागेल, तू तिच्याहून काहून चांगली.”

तिनं ओढण्या घडी करून ज्यांच्या त्यांना परत दिल्या. तिच्यासोबत त्या जागेसाठी आणखी एकीनं अर्ज केला होता. बाजूच्याच टेबलावर काम करणारी, तिच्याहून सहा-सात वर्षांनी मोठी. दोघी एकाच बसनं जायच्या, एकाच बाकावर बसायच्या, एकमेकींच्या डब्यातलं खायच्या. हिच्या मुलीला ताप आला तेव्हा ती मैत्रीण पाळी बदलून पोरीजवळ बसली होती, हेही मला कळलं. ही माहिती मिळाल्यावर शहाण्या माणसानं विषय सोडला असता. मी खुर्ची ओढून तिच्यासमोर बसले. मी, जी कधी बसत नाही.

“तिच्यात कमी काय आहे?”

“काहीच नाही जी.”

“काहीतरी असेलच. आठव.”

तीन दिवस मी तिच्या मागे होते. वर्ग संपला की तिला थांबवायचे आणि तोच प्रश्न विचारायचे. चौथ्या दिवशी ती पदराशी चाळा करत हळूच म्हणाली, “जेवणानंतर तिले बारीक चूक दिसत नाही. सुटलेला धागा राहून जाते. मग ती ट्रॉली आणाले गेली का मी तिचा ताका उलटा फिरवून पाहते, अन् जे राहिलं असंल त्याले खडूची खूण करून ठेवते. तिले वाटते तिनंच केली.”

“किती दिवसांपासून?”

“पाच वर्षं झाली असतील.”

मला इतका आनंद झाला! अजून आठवतो तो आनंद आणि आठवला की स्वतःचीच लाज वाटते. वाक्य सापडलं होतं. तिच्या कामातलं, तिच्या आयुष्यातलं, दुसऱ्या कोणाच्या तोंडी येणार नाही असं. मी उठले आणि फळ्यावर मोठ्या अक्षरांत इंग्रजीतून लिहिलं: मी माझ्या सहकारी बाईपेक्षा चांगली तपासनीस आहे, जेवणानंतर तिच्याकडून चुका सुटतात, मी तिचे ताके पुन्हा तपासते. ‘बेटर’खाली दोन रेघा ओढल्या. दुसऱ्या दिवशी वर्गातल्या बाकीच्या सहा जणांनाही ते वाचायला लावलं, म्हणजे तिचा धीर चेपेल.

“हे बोलू का मी?” तिनं विचारलं. “तिले वाईट वाटंल.”

“ती तिथे थोडीच असणार आहे,” मी म्हणाले. “तुझ्या पोरीचा विचार कर.”

मुलीचं नाव काढल्यावर तिनं वाक्य पाठ केलं. दहा दिवसांत ते तिच्या तोंडात असं बसलं की अडखळणं नाही, थांबणं नाही.

मुलाखत गुरुवारी होती. त्या दिवशी सकाळपासून माझा जीव थाऱ्यावर नव्हता. मी फ्रिज पुसला, डब्यांवरची जुनी लेबलं काढली, पुन्हा लावली. फोन हातात घेतला, ठेवला, परत घेतला. नवरा म्हणाला, “इंटरव्ह्यू तिचा आहे का तुझा?” मी त्याच्यावर खेकसले. दुपारी तिला संदेश टाकला, झालं का? तो वाचल्याच्या निळ्या खुणा लगेच दिसल्या. उत्तर आलं नाही. संध्याकाळी ती वर्गात आली नाही. शुक्रवारी नाही, शनिवारी नाही. मी फोन केला तर वाजून वाजून बंद झाला. काहीतरी बिनसलं हे कळत होतं, पण काय ते कळत नव्हतं, आणि मला न कळलेलं सहन होत नाही. वर्गात मी दोनदा चुकीचं वाक्य लिहिलं.

सोमवारी मी चौकात जाऊन बसची वाट पाहत उभी राहिले. ऊन उतरलं होतं तरी डांबर तापलेलं होतं. बस आली. आधी एक उंच, किडकिडीत बाई उतरली आणि मागे न बघता झपझप निघून गेली. तिच्यानंतर चार-पाच जणी उतरल्या आणि सगळ्यांत शेवटी ही. मला पाहून ती थबकली.

“झाला का इंटरव्ह्यू?”

“झाला.”

आम्ही रसवंतीच्या बाकावर बसलो. रस मागवला, तो तिनं तसाच ठेवला. मग सांगितलं. मुंबईहून आलेल्या तिघांनी तिला विचारलं, दोघींपैकी आम्ही तुलाच का घ्यावं? तिनं वाक्य म्हटलं. पूर्ण, एका दमात. त्यांनी तिच्या इंग्रजीचं कौतुकही केलं. मग त्यातल्या एकानं वही ओढून विचारलं, हे किती वर्षांपासून करता? तिनं ‘फाइव्ह इयर्स’ म्हटलं. त्या ताक्यांवर शिक्का कोणाचा असतो? ती म्हणाली, मैत्रिणीचाच. तेव्हा त्या तिघांनी एकमेकांकडे पाहिलं. कंपनीचा नियम साधा आहे. जो तपासेल त्याचाच शिक्का. एकीनं तपासायचं आणि शिक्का दुसरीचा, हे पाच वर्षं चालू होतं आणि कोणीही कळवलेलं नव्हतं.

“तिले दुसऱ्याच दिवशी टेबलावरून काढलं. पॅकिंगले टाकलं,” ती म्हणाली. “मले टेबलावर ठेवलं, पण माझ्या फायलीत लिहिलं. जागा आता बाहेरून भरणार म्हणतात.”

“अन् पाळी?”

“बदलतीच राहणार. पुढच्या आठवड्यात दुपारची आहे.”

मी काहीतरी पुटपुटले, की माझं चुकलं, मी तुला भरीस पाडलं.

“तुमी बरोबरच शिकवलं म्याडम,” ती शांतपणे म्हणाली. “मी कुठी अटकली नाही.”

याच्यापेक्षा तिनं मला चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. माझ्या मनातसुद्धा हे वाक्य ‘पेक्षा’ घेऊनच आलं, हे मला तिथेच, त्या बाकावर जाणवलं आणि मी उठून उभी राहिले. मी तुझ्या मैत्रिणीला भेटते, म्हणाले. वाक्य माझं होतं हे तिला सांगते.

“नका जाऊ. ती माझ्याशी बोलून नाही राहिली. बसमध्ये समोरच्या बाकावर जाऊन बसते. तुमी गेल्या तर आणखी चिडंल.”

पण ती कुठे राहते हे तिनं सांगितलं. मला वाटतं, कुठेतरी तिलाही मी जावं असं वाटत होतं. की हेही मीच माझ्या सोयीनं ठरवलं, कोण जाणे.

रविवारी सकाळी गेले. रस्त्यात मी बोलायची वाक्यं जुळवत होते. मराठीतच, पण तरी जुळवत होते. मी शिक्षिका आहे, चूक माझी आहे, तिनं नाही-नाही म्हटलं होतं. पिठाच्या गिरणीवरच्या खोलीत ती राहायची. लोखंडी जिना चढून दार वाजवलं. बसमधून आधी उतरली होती तीच उंच बाई समोर आली. तिच्या डोळ्यांवर कोरा चष्मा होता, काडीला दुकानातली चिठ्ठी अजून चिकटलेली. आत जमिनीवर परातीत तूर डाळ निवडायला घेतलेली होती.

मी कोण ते सांगितल्यावर तिचा चेहरा बदलला नाही. “या,” म्हणाली. पाणी दिलं आणि परत परातीपाशी बसली. मी जुळवलेलं सगळं बोलून टाकलं. बोलताना मी खोलीत फिरायला लागले होते, हे तिनं मान वर करून पाहिलं तेव्हा माझ्या लक्षात आलं. मी बसले.

“पॅकिंगचं मले काही नाही,” ती म्हणाली. “तिथेही बायाच आहेत. जागेचंही नाही. तिले पोरगी आहे, मी तर साहेबांले म्हणणार होती का तिलेच द्या.” तिनं एक खडा उचलून बाजूला टाकला. “पण हे पाहा. हा चष्मा. डॉक्टर म्हणे चाळिशी लागली तुमाले, बस एवढंच. पाच मिनिटं लागली त्याले पाहाले. आता मले सगळं दिसते. त्या काचेवर सुटलेला धागा का, केस पडला तरी दिसंल.”

तिनं डाळीतून आणखी एक खडा वेचला.

“पाच वर्षं ती मागून माझं काम पाहत होती. मले वाटे माझी नजर चांगली आहे. शिफ्टवाल्यांले मी मोठ्या तोऱ्यात सांगत जाऊ, का माझ्या ताक्याची आजवर तक्रार नाही.” तिचा आवाज चिरकला, पण हात थांबले नाहीत. “ती साहेबांपुढे बोलली, जाऊ द्या. तिले पायजे होती जागा. पण मले तर सांगतलं असतं. का बाई, तुले कमी दिसते, डोळे दाखव. एवढं बोलाले काय इंग्लिश लागते?”

“ती तुम्हाला दुखवायला घाबरत होती,” मी म्हणाले.

“अन् तुमी?”

मी तिच्याकडे पाहिलं.

“तुमाले तर ती आधीच बोलली न. साहेबांच्याही आधी. तुमच्या वर्गात सगळ्यांनी वाचलं, आत्ता तुमीच म्हणाल्या.” तिनं परात मांडीवरून खाली ठेवली आणि चष्म्यातून माझ्याकडे सरळ बघत विचारलं, “ती सहा माणसं, तुमी, सगळ्यांले माहीत, का मले दिसत नाही. तुमी तर मास्तरीण. तुमी काहून नाही म्हटलं तिले, का जा, आधी तिले सांग?”

माझ्याकडे उत्तर होतं. मी रस्ताभर जुळवलेल्या कुठल्याच वाक्यात ते नव्हतं, आणि तिच्यासमोर ते लपवावं असं मला वाटलं नाही.

“मला सुचलंच नाही,” मी म्हणाले. “माझ्यासाठी तुम्ही बाई नव्हत्याच. उदाहरण होतात.”

मग तिनं चष्मा काढला, पदरानं दोन्ही काचा पुसल्या आणि परत लावून डाळ निवडायला बसली.